भांडताना दिलेलं रक्त

माझ्या स्वभावाबद्दल सासर आणि माहेर यांची दोन मतं आहेत. सासरचे म्हणतात, हिच्या नाकावर माशी बसत नाही. माहेरचे म्हणतात, बसलीच तर ती माशी मूर्ख. दोन्ही घराणी दक्षिणेतून ग्वाल्हेरला आली त्याला किती पिढ्या झाल्या ते कोणी नीट सांगत नाही, पण माझ्या माहेरचे तलवार घेऊन आले आणि सासरचे लेखणी घेऊन आले, हे दोन्हीकडची पोरंटोरंसुद्धा सांगतात. आता तलवारीच्या घरची मी पाटणकर बाजारात साड्यांचं दुकान चालवते आणि लेखणीच्या घरचे हे कॉलेजात इतिहास शिकवतात. लेखणी अजून चालू आहे. तलवार मी बाजारात वापरते.

माझी आई ग्वाल्हेरातच, हजीऱ्याला राहते. तिचा एक नियम आम्ही दुधाबरोबर प्यायलो आहोत. दवाखान्यात मऊ राहायचं नाही. मऊ राहिलं की लोक आपल्याला बाकावर विसरून जातात. म्हणून आमच्या माहेरी कोणी आजारी पडलं की सोबत निदान एक चांगलं भांडणारं माणूस जातं. चांगली साडी नेसायची, ताठ चालायचं, आणि कोणी पुढे घुसलं की आवाज चढवायचा. याच नियमानं माझा घात करायचं ठरवलं होतं, हे मला फार उशिरा कळलं.

दोन वर्षांपूर्वी माझ्या पित्ताशयात खडे निघाले. पोटात अशी कळ यायची की गिऱ्हाईकासमोर उलगडलेली साडी तशीच टाकून मी गल्ल्यामागे वाकून बसायचे. सर्जन म्हणाले, दुर्बिणीतून काढून टाकू, छोटं ऑपरेशन आहे. छोटं की मोठं, मला ऑपरेशनची भीती नव्हती. मला माझ्या रक्ताची भीती होती.

माझं रक्त लवकर थांबत नाही. हे मला नाकातून रक्त यायचं तेव्हापासून, म्हणजे शाळेपासून माहीत होतं. अक्कलदाढ काढली तेव्हा कापसाचे बोळे बदलून बदलून हे थकले होते. दर महिन्याचं तर विचारूच नका. त्या दिवसांत मी दुकानात गडद रंगाशिवाय काही नेसत नव्हते. आणि मुलीच्या वेळी बाळंतपणात इतकं गेलं की दुसऱ्यांचं रक्त चढवावं लागलं. शुद्धीवर आले तेव्हा हे भिंतीला पाठ लावून उभे होते आणि त्यांचे ओठ माझ्यापेक्षा पांढरे होते. त्यानंतर त्यांनी दुसऱ्या मुलाचं नावही काढलं नाही. तेव्हाच्या डॉक्टरीण बाई एवढंच म्हणाल्या, "होता है।"

होता है! पण का होतं, ते कोणी सांगायला तयार नव्हतं. आता पोटात हत्यार घालणार, आणि आतल्या आत रक्त थांबलं नाही तर? माझी मुलगी तेव्हा अकरावीत होती. तिला माझ्याशिवाय ठेवून जायची माझी अजिबात तयारी नव्हती.

मी हे सगळं सर्जनना सांगितलं. ते भले माणूस, त्यांनी हसण्यावारी नेलं नाही. रक्त गोठण्याच्या नेहमीच्या चाचण्या आणि वर आणखी दोन-तीन खास चाचण्या लिहून दिल्या. म्हणाले, काही असेल तर यात दिसेल.

चाचणीच्या दिवशी सोबत कोण, तर अर्थातच आई. आम्ही हरिशंकरपुरमच्या आमच्या घरून निघालो आणि वाटेत ई-रिक्षांच्या गर्दीत असे अडकलो की शेवटी उतरून झपाझप चालत गेलो. लॅब वरच्या मजल्यावर, लिफ्ट बंद. वर पोचलो तेव्हा माझा श्वास फुलला होता. रांगेत उभ्या राहतो न राहतो तोच एक सफारीवाले गृहस्थ मागून आले आणि थेट खिडकीशी जाऊन उभे राहिले. आईनं मला कोपरानं ढोसलं. ढोसायची गरज नव्हती. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेलीच होती.

"भाईसाहब, यहाँ सब क्या तमाशा देखने खड़े हैं?" मी सुरू झाले.

ते म्हणाले, त्यांना अर्जंट आहे. मी म्हटलं, आम्ही इथे काय हवा खायला आलो आहोत का? ते म्हणाले, आवाज नीचे. बस, मग माझ्या तोंडाचा पट्टा सुटला. आई मागून एकेक मुद्दा पुरवत होती. शेवटी खिडकीवरच्या मुलीनंच घाबरून आधी माझं नाव पुकारलं. मी विजयी मुद्रेनं आत गेले, खुर्चीत बसले, बाही वर केली, आणि सुई दंडात शिरत असतानाही दाराबाहेरच्या त्या गृहस्थांना उरलेलं सुनावत होते. छाती धडधडत होती, कानशिलं तापली होती. रक्त भराभर नळीत आलं. बाहेर येताना आई म्हणाली, "शाब्बास. असंच पाहिजे. नाही तर हे लोक संध्याकाळपर्यंत बसवून ठेवतात."

रिपोर्ट आले. सगळं नॉर्मल. काठावरचं नॉर्मल नाही, अगदी मध्यावरचं, छान, ठसठशीत नॉर्मल. सर्जन म्हणाले, "आप तो बिल्कुल फिट हैं। अगले हफ्ते कर देते हैं।"

घरात आनंद झाला. ह्यांनी पेढे आणले. मी पेढा हातात घेतला आणि परत ठेवला. म्हटलं, मी ऑपरेशन करणार नाही.

"अगं, पण रिपोर्ट चांगले आहेत," हे म्हणाले.

"रिपोर्ट चांगले आहेत. माझं रक्त चांगलं नाही."

मग घरात जे होतं ते झालं. सासूबाई म्हणाल्या, मनानं घेतलंय हिच्या. मुलगी म्हणाली, "आई, जब डॉक्टर बोल रहे हैं तर तू का टेन्शन घेतेस?" आणि माझी स्वतःची आई, तलवारीच्या घरची, ती म्हणाली, "घाबरलीस होय?" हे मला सगळ्यात जास्त झोंबलं. मी घाबरले होते, हे खरंच होतं. पण कागदानं दिलासा दिला म्हणून जे अंगावर भोगलंय ते खोटं म्हणायला मी तयार नव्हते. पेढ्यांचा डबा तसाच ओट्यावर पडून राहिला.

ह्यांचं मात्र मला कौतुक वाटलं. हे वाद घालत नाहीत. दोन दिवसांनी म्हणाले, "मी तेव्हा भिंतीशी उभा होतो. मला आठवतंय. चल, रक्ताच्याच खास डॉक्टरांकडे जाऊ." आयुष्यात काही वाक्यं अशी असतात की त्यांच्या बदल्यात माणसाचं सगळं घोरणं-बिरणं माफ करावं.

त्या डॉक्टर मूळच्या इंदूरच्या, मराठी. वयानं माझ्यापेक्षा बऱ्याच लहान. त्यांनी रिपोर्ट पाहिले, बाजूला ठेवले आणि मला बोलू दिलं. नाक, दाढ, दर महिना, बाळंतपण. मग विचारलं, "घरात आणखी कोणाला असा त्रास?"

आई सोबत होतीच. मी तोंड उघडायच्या आत म्हणाली, "त्रास कशाचा? आमच्या घरात सगळ्या बायकांच्या अंगात उष्णता आहे. माझ्या आईला होती, मला होती. गुलकंद खायचा, पडून राहायचं. मला तर सासरी कामचुकार म्हणायचे, महिन्यातले आठ-आठ दिवस माझ्याच्यानं उठवायचं नाही." ती हे अगदी सहज सांगत होती, जसं आपण घराण्याच्या नाकाविषयी किंवा उंचीविषयी सांगतो.

डॉक्टरांनी लिहिता लिहिता मान वर केली. आईकडे जरा वेळ पाहिलं. मग माझ्याकडे वळून त्यांनी एक अजब प्रश्न विचारला.

"हे रक्त दिलं त्या वेळी तुम्ही काय करत होता?"

"बसले होते."

"शांत?"

मी आईकडे पाहिलं. आईनं छताकडे पाहिलं.

"भांडत होते," मी म्हटलं. "जिने चढून आले होते आणि भांडत होते."

डॉक्टर इतक्या मनापासून हसल्या की मलाही हसू आलं. मग त्यांनी मला जे समजावलं ते मी दुकानात येणाऱ्या निदान शंभर बायकांना तरी आजवर सांगितलं असेल. माणूस चिडला, घाबरला, धावला, की अंगात अॅड्रेनलिन नावाचं द्रव्य सुटतं. आता लढाई होणार, जखम होणार, असं शरीराला वाटतं आणि ते आधीच तयारी करतं. रक्तातल्या प्लेटलेट्स, म्हणजे जखमेवर जाऊन चिकटणाऱ्या बारीक चकत्या, जास्त चिकट होतात. लॅबमध्ये काही वेळा मुद्दाम अॅड्रेनलिन टाकून त्या एकमेकींना कशा चिकटतात ते बघतात, असंही त्या म्हणाल्या. आणि दुसरं म्हणजे, प्लेटलेट्सना जखमेवर धरून ठेवणारं एक प्रथिन असतं, त्याचा साठा रक्तवाहिन्यांच्या भिंतींत असतो. तो साठा अशा वेळी बाहेर रक्तात येतो. थोडा वेळ रक्तात ते प्रथिन भरपूर दिसतं. नंतर परत होतं तेवढंच.

"तुमच्या दुकानात दिवाळीच्या आधी काय करता?" त्यांनी विचारलं.

"गोदामातला सगळा माल काउंटरवर मांडतो."

"त्याच दिवशी कोणी येऊन पाहिलं तर?"

"म्हणेल, काय श्रीमंत दुकान आहे."

"तसंच झालंय," त्या म्हणाल्या. "ज्या लोकांत ते प्रथिन थोडंसंच कमी असतं, त्यांचा आजार अशा वेळी लपून जातो. तुमच्यात ते कमी आहे असं मी आत्ता म्हणत नाही. पण हा कागद मी मानत नाही. पुन्हा तपासू. या वेळी मात्र शांतपणे."

हा कागद मी मानत नाही! मला त्या बाईंचे पाय धरावेसे वाटले. शितावरून भाताची परीक्षा करतात हे ठीक, पण माझं शीत उसळत्या भातातून उचललं होतं, हे आजवर कोणाच्या डोक्यात आलं नव्हतं.

नियम साधे होते. आदल्या दिवशी दगदग नको. दुखण्याच्या कुठल्याही गोळ्या त्यांना विचारल्याशिवाय नकोत, त्या गोळ्यांनी प्लेटलेट्स सुस्त होतात. सकाळी चहा नको. वेळेच्या बरंच आधी येऊन नुसतं बसायचं. धावायचं नाही, घाबरायचं नाही, चिडायचं नाही.

"चिडायचं नाही" यावर घरात सगळे एकमेकांकडे बघू लागले. सासूबाई म्हणाल्या, "त्यापेक्षा दुसरी एखादी चाचणी नाही का?"

पण त्या सकाळी मला सासरच्या घराण्याचा खरा उपयोग कळला. आपण लढणारे लोक समजतो की शांत बसणं म्हणजे काही न करणं. तसं नाही, ती एक विद्या आहे, आणि ह्यांच्या घरात ती पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली आहे. मुलगी आणि आईही सोबत होत्या. ह्यांनी गाडी सावकाश चालवली. मागचे हॉर्न वाजवत होते, हे वाजवू देत होते. लिफ्ट चालू होईपर्यंत खाली थांबले. वर गेल्यावर मला खिडकीकडे पाठ करून बसवलं, म्हणजे रांग दिसायलाच नको. आणि मग माझ्याशेजारी बसून, एका सुरात, ग्वाल्हेर संस्थानातल्या शेतसाऱ्याच्या पद्धतीविषयी बोलायला लागले. एरवी हा विषय निघाला की मी स्वयंपाकघरात निघून जाते. त्या दिवशी ऐकत राहिले. खरीप झालं, रब्बी झालं, जमिनीचे पट्टे झाले. माझ्या पापण्या जड व्हायला लागल्या.

आणि नेमका तेव्हाच एक माणूस पुढे घुसला. मला दिसला नाही, पण त्याचा आवाज आला, "अरे, मेरा पहले कर दो।" माझी पाठ ताठ झाली. मुलीनं माझा हात घट्ट धरला आणि कानात म्हणाली, "आई, प्लीज. जाने दे ना. जाऊ दे त्याला."

मी आईकडे पाहिलं. आई समोर बसली होती, तिचं तोंड रांगेकडे होतं, आणि ती सगळं बघत होती. सत्तरी ओलांडलेली माझी आई, जिनं आयुष्यात कोणाला पुढे घुसू दिलं नाही. तिचा चेहरा लाल झाला. नाकपुड्या फुलल्या. मग तिनं पदराचा शेव गोळा केला, सरळ तोंडात धरला आणि डोळे मिटून घेतले. ती मूग गिळून बसली, माझ्यासाठी. तो माणूस आमच्या पुढे गेला, त्याचं काम करून निघूनही गेला. मला तेव्हा आईबद्दल इतकी माया दाटून आली की राग कुठल्या कुठे गेला.

माझा नंबर आला. मी आत गेले. तिथेही थोडा वेळ डोळे मिटून पडले. सुई टोचली. मी कोणालाच काही बोलले नाही. रक्त नळीत हळूहळू उतरत होतं आणि बाहेर हे बहुतेक भिंतीला शेतसारा सांगत असावेत, कारण आवाज येत होता.

काही दिवसांनी डॉक्टरांनी बोलावलं. समोर कागद ठेवला. ते प्रथिन कमी होतं. फार नाही, पण स्पष्ट कमी. "खात्रीसाठी आणखी एकदा घेऊ," त्या म्हणाल्या, आणि पुन्हा शांतपणे घेतलं, पुन्हा कमीच आलं. आजाराला नाव होतं. जन्मजात होता, आईकडून मुलीकडे येऊ शकणारा होता, आणि मुख्य म्हणजे त्यावर उपाय होता.

आजार निघाला म्हणून इतकं खूश होणारं पेशंट त्यांनी पाहिलं नसावं. मी खुर्चीतून उठून ह्यांना म्हटलं, "बघितलंत?" नंतर जिना उतरताना म्हटलं, गाडीत म्हटलं, घरी सासूबाईंना म्हटलं, आणि पेढे या वेळी मी आणले. चाळीस वर्षं जे मी सांगत होते ते खरं होतं. माझ्या मनानं काही घेतलं नव्हतं. माझ्या अंगात उष्णता नव्हती, नजर लागली नव्हती, मी नाटकी नव्हते. त्या संध्याकाळी दुकानात घासाघीस करणाऱ्या एका बाईंना मी मागतील त्या भावात साडी दिली. त्यांना वाटलं असेल, बाईला बरं नाही.

ऑपरेशनच्या आधी एक औषध शिरेतून देऊन बघितलं. गंमत अशी की ते औषधही भिंतीतला तोच साठा बाहेर काढतं. जे काम माझं भांडण न सांगता करत होतं, ते आता हवं तेव्हा, हवं तेवढं करून घ्यायचं. औषध दिल्यावर रक्त तपासलं, साठा छान वर आलेला दिसला. सर्जननी सगळं समजून घेतलं, आपली तारीख पुढे ढकलली, आणि म्हणाले, "अच्छा किया आपने जो ज़िद की।" जिद्दीला असं उघड चांगलं म्हटलेलं मी प्रथमच ऐकलं.

ऑपरेशनला जाताना मी घाबरले नव्हते. ह्यांना सांगितलं, या वेळी भिंतीला टेकून उभं राहायचं नाही, खाली कँटीनमध्ये जाऊन पोटभर खायचं. त्यांनी ऐकलं नाही. मुलगी नंतर म्हणाली की बाबा पूर्ण वेळ दाराशीच होते, पण ओठ ठीक होते.

शुद्धीवर आले तेव्हा पहिला प्रश्न मी तोच विचारला. सर्जन हसत म्हणाले की एखाद्या साध्या पेशंटचं जातं, त्याहून थेंबही जास्त गेलं नाही. तरी माझा विश्वास बसेना. दुसऱ्या दिवशी सकाळी आईनं पडदा ओढला, चादर बाजूला केली आणि माझ्या पोटावरच्या छोट्या पट्ट्या एकेक करून नीट पाहिल्या. आमच्या घरातल्या बायकांच्या त्या दिवसांतल्या पट्ट्या तिनं आयुष्यभर धुतल्या, लपवल्या, जाळल्या होत्या. या कोरड्या होत्या. पांढऱ्या आणि कोरड्या. तिनं बोटानं हलकेच एकीला हात लावून खात्री केली. आणि तिथेच, माझ्या पायाशी बसून, पदर डोळ्यांना लावून रडायला लागली. मग रडता रडता हसायला लागली.

इतक्यात रक्ताच्या डॉक्टर आल्या. त्यांनी मला तपासलं, सगळं उत्तम आहे म्हणाल्या, आणि मुलीचीही चाचणी सुट्टीत निवांतपणे करून घेऊ असं सांगितलं. त्या जायला निघाल्या तशी आई उठून उभी राहिली. साडी सारखी केली, बाही वर सरकवली आणि आपला सुरकुतलेला दंड त्यांच्यापुढे धरला.

"डॉक्टर, माझंही बघा," ती म्हणाली. "आता या वयात उपयोग काही नाही, ते मला माहीत आहे. पण मी कामचुकार नव्हते, हे मला एकदा कागदावर पाहिजे."

डॉक्टरांनी तिचा दंड दोन्ही हातांत घेतला आणि म्हणाल्या, "घेऊ ना. आत्ताच घेऊ का?"

आईनं झटकन बाही खाली ओढली.

"आत्ता नको बाई," ती म्हणाली. "आत्ता माझं काळीज इतकं धडधडतंय, आनंदानं. आज घेतलंत तर नॉर्मल येईल."